तयार ठेवलेला लेख

आखन, १२ मार्च १९६१

प्रिय कुसुम,
अनेक आशीर्वाद.

तुझ्या पत्राला महिनाभर उत्तर गेलं नाही, तेव्हा तू नक्की फुगून बसली असशील. राग काढायला आज भलंमोठं पत्र लिहितो आहे. चहा करून घे आणि मग वाचायला बस.

गेला आठवडा इथे नुसता गोंधळ होता. जर्मन सरकारने आपल्या मार्काची किंमत वाढवली. आधी एका डॉलरला चार मार्क वीस फेनिग पडायचे, आता चारच पडतात. तू म्हणशील, बरं मग? अगं, आमच्या गावातून ट्रामने अर्ध्या तासात हॉलंडची हद्द येते. तिथे गिल्डर चालतो. दुसऱ्या अंगाला बेल्जियम, तिथे फ्रँक. इथली बाई लोणी एका देशात घेते, कॉफी दुसऱ्या देशात आणि पाव घरच्या बेकरीत. तिला हे वीस फेनिग लगेच कळतात. हॉलंडवाल्यांनीही पाठोपाठ गिल्डर वाढवला. इथल्या संध्याकाळच्या लोकशाळेत, म्हणजे फोक्सहोखशूलेत, मी दर गुरुवारी सामान्य लोकांना नाण्यांचं शास्त्र शिकवतो ते तुला माहीत आहेच. युरोपच्या सामायिक बाजारातल्या या सहा देशांत एक दिवस एकच नाणं चालेल असं मी तिथे म्हटलं, तर सगळा वर्ग हसला. एका म्हाताऱ्याने विचारलं, त्यावर चित्र कोणाचं छापणार?

आता गंमत ऐक. मार्क वाढायच्या दोनच दिवस आधी वर्गात एका बाईने विचारलं, मार्काचा भाव बदलणार का? मी छातीठोक सांगितलं, मुळीच नाही. आणि भाव का बदलला हे सांगणारं माझं भाषण रेडिओच्या कपाटात फेब्रुवारीपासून तयार पडलं होतं! शनिवारी जाहीर झालं, रविवारी ते लागलं. आमच्या धंद्याची ही रीतच आहे. भाव बदलायच्या घटकेपर्यंत नाही म्हणायचं आणि बदलल्यावर काय सांगायचं ते लिहून ठेवायचं. आधी बोललं, तर जो तो आपापलं वाचवायला धावेल आणि सगळ्यांचंच बुडेल.

माझ्या घरमालकीण फ्राऊ हेर्मान्स यांचा यावर काडीचा विश्वास नाही. त्यांची पुंजी आयुष्यात दोनदा मातीमोल झाली, पहिल्या लढाईनंतर एकदा आणि दुसरीनंतर एकदा. त्या म्हणाल्या, "जा, जा, हेर डॉक्टर. मोठी माणसं रेडिओवर 'नाणं भक्कम आहे' म्हणाली की मी दुकानात जाऊन चादरी आणते." कपाट उघडून दाखवलं. घडीही न मोडलेल्या पांढऱ्या चादरी वरपर्यंत रचलेल्या. मला हसू आवरेना.

वीणा कशी आहे? जिना चढताना तिचे ओठ निळे पडतात असं तू लिहिलंस ते काही मला बरं वाटलं नाही. मोठ्या डॉक्टरला दाखव. मोहनरावांना नमस्कार.

तुझा,
दिनकर

*

पुणे, २४ मार्च १९६१

तीर्थरूप दादास,
कुसुमचा शि. सा. नमस्कार.

पत्र पावलं. चहा दोनदा करावा लागला, एवढं लांब होतं. तुझा मार्क मला समजला हो! शेजारच्या स्नेहलतावहिनींना मी तो समजावून सांगितला, तेव्हा त्या म्हणाल्या, "तुमचे भाऊ अगदी साखरेत घोळून शिकवतात." मी वर नाक करून घरी आले. लहानपणी आबांनी मला भागाकार शिकवताना हात टेकले होते आणि तू चिंचोके मांडून एका दुपारी शिकवलास, ते आठवलं. तुझ्या त्या म्हाताऱ्या बाईंना माझा नमस्कार सांग. चादरी घेतात ते बरंच करतात.

पण तू वर्गात नाही म्हणालास आणि भाषण कपाटात तयार होतं, हे ऐकून हे म्हणाले, "म्हणजे मेहुण्यांना सगळं विचारावं, फक्त नाण्याबद्दल विचारू नये." आम्ही खूप हसलो.

वीणाला ससूनमध्ये दाखवलं. तिच्या हृदयाला भोक आहे, दादा. जन्मापासूनच. डॉक्टर म्हणाले, वाढू दे, मग बघू. ती खेळते, बोलते, फक्त धावली की उकिडवी बसते आणि माझ्याकडे बघते. हे दिवसभर शाळेत चित्रकला शिकवतात आणि घरी आले की तिला मांडीवर घेऊन नुसते बसतात. मला त्यांच्याकडे बघवत नाही.

तुझी,
कुसुम

*

आखन, २३ जानेवारी १९६६

प्रिय कुसुम,
अनेक आशीर्वाद.

बातमी चांगली आहे, म्हणून तीच आधी. इथल्या हृदयाच्या क्लिनिकने वीणाला घ्यायचं कबूल केलं. तू पाठवलेले मुंबईच्या इस्पितळातले सगळे एक्स-रे आणि कागद मी स्वतः नेऊन दाखवले. प्राध्यापक म्हणाले, "नऊ वर्षं म्हणजे उशीरच झाला, पण वेळ गेलेली नाही. यंदाच्या उन्हाळ्यात झालं पाहिजे." २७ जून ही तारीख मिळाली आहे.

खर्च दहा हजार मार्क, राहण्यासकट. आजच्या भावाने बारा हजार रुपयांना थोडे कमी. सगळी रक्कम १५ जूनच्या आत त्यांच्या हाती पडली पाहिजे, नाहीतर जागा पुढच्या पेशंटला जाते. तेवढ्याबाबत ही माणसं कोणाचं ऐकत नाहीत. विमानाचं मोहनरावांनी फंडातून जमवलं आहे म्हणतेस. उरलं ऑपरेशन. माझी शिल्लक तीन हजार मार्कांच्या आसपास आहे, ती तुम्ही इथे याल तेव्हाच्या वरखर्चाला आणि औषधांना लागेल. तेव्हा आबांचा कोथरूडचा प्लॉट विकायला काढायला हरकत नाही. माझा अर्धा हिस्सा मधे आणू नकोस. वीणापेक्षा प्लॉट मोठा नाही.

फ्राऊ हेर्मान्सनी त्यांची मागची खोली रिकामी केली आहे. वीणासाठी लाल हातमोजे विणायला घेतले आहेत. जूनमध्ये हातमोजे कशाला, असं मी म्हटलं तर मला म्हणतात, "आल्झो, म्हणजे काय, मुलगी हिवाळ्यातही जिवंत असणारच ना?"

रिझर्व्ह बँकेच्या परवानगीचा अर्ज लगेच कर.

तुझा,
दिनकर

*

पुणे, ३ मे १९६६

तीर्थरूप दादास,
कुसुमचा शि. सा. नमस्कार.

परवानगी आली. त्यात बारा हजार रुपयांचा आकडा घातला आहे. पासपोर्टही झाले. वीणाने शाळेत सगळ्यांना सांगून टाकलं की मला जर्मनीत शिवणार आहेत.

आता प्लॉटचं. दोन गिऱ्हाइकं आहेत. श्रीनाथ बोधे म्हणून कंत्राटदार आहेत, ते साडेबारा हजार द्यायला आत्ता तयार आहेत, नोटा मोजून. दुसरे एक दातांचे डॉक्टर आहेत, ते पंधरा हजार म्हणतात, पण त्यांचे पैसे जूनच्या पहिल्या आठवड्यात मोकळे होणार. बोधे या महिनाअखेरपर्यंत थांबतील, मग दुसरा प्लॉट घेतील.

मी डॉक्टरांना हो म्हणणार होते. पण बँकेतले एक कारकून परवा यांना म्हणाले, "मास्तर, पैसे पाठवायचे तर लवकर पाठवा. रुपया उतरणार अशी कुजबुज आहे." दिल्लीहून तर रोज सांगतात की असं काही नाही. कोणाचं खरं धरू? माझा भाऊ दर रविवारी पेपरात सदर लिहून अख्ख्या महाराष्ट्राला नाणी शिकवतो, मग मी कारकुनाला कशाला विचारू? म्हणून तुलाच विचारते, दादा. बोध्यांना देऊन टाकू, का जूनपर्यंत थांबू? तू सांगशील ते करीन.

तुझी,
कुसुम

*

आखन, ११ मे १९६६

प्रिय कुसुम,
आशीर्वाद.

पत्र मिळालं. तू विचारलंस त्याबद्दल मला काही लिहिता येणार नाही. प्लॉटचं काय करायचं ते तुम्ही दोघांनी ठरवा. माझी कशालाच हरकत नाही. १५ जूनची तारीख मात्र विसरू नका.

वीणाला पापा.

दिनकर

*

पुणे, १९ मे १९६६

तीर्थरूप दादास,
कुसुमचा शि. सा. नमस्कार.

तुझं पत्र उघडलं आणि पाकीट दोनदा झटकलं, आत दुसरा कागद अडकून राहिला की काय म्हणून. आयुष्यात तू मला एवढुसं पत्र लिहिलं नव्हतंस. आधी वाटलं, तब्येत बरी नसेल. मग मी ते यांना दाखवलं. यांनी ते परत एकदा वाचलं. मग म्हणाले, "कुसुम, त्यांना लागलं असणार. आबांची जागा आहे, निम्मी त्यांची आहे, आणि तू ती कमी भावात कंत्राटदाराच्या घशात घालायला निघालीस. वर त्यांनाच विचारतेस. तोंडाने ते काय नाही म्हणणार?"

खरंच रे दादा. तू जानेवारीत मोठ्या मनाने लिहिलंस की माझा हिस्सा मधे आणू नकोस, आणि मी तेवढ्यावर हुरळून गेले. तू तिकडे एकटा, लग्न केलं नाहीस, उद्या परत आलास तर डोक्यावर छप्पर कुठलं? आबांनी ती जागा घेतली तेव्हा तू हिशेब तपासून दिला होतास. माझं चुकलं. राग मानू नकोस.

म्हणून आम्ही ठरवलं की डॉक्टरांसाठी थांबायचं. पंधरा हजार आले की बारा क्लिनिकला आणि तीन तुझ्या नावाने बँकेत. तेवढे तरी. भाव पडण्याची भीती आता राहिली नाही, कारण परवाच्या रविवारी तुझं सदर वाचलं. रुपया उतरवायचा विचार नाही असं सरकार का म्हणतं, ते तू इतकं नीट सांगितलं आहेस की बँकेतल्या त्या कारकुनाला यांनी कात्रण नेऊन दाखवलं.

बोध्यांना ३० तारखेला नाही म्हणून सांगते. आमचं यात काही चुकत असेल तर तार कर. तार आली नाही तर तुला पटलं असं समजेन.

वीणा रोज विचारते, मामाच्या घरी ट्राम दारातून दिसते का?

तुझी,
कुसुम

*

पुणे, ९ जून १९६६

दादा,

रविवारी रात्री रेडिओवर सांगितलं. हे ऐकत होते. वीणा झोपली होती म्हणून आवाज बारीक ठेवला होता. ह्यांनी मला हाक मारली नाही, नुसते उठून स्वयंपाकघरात आले आणि दाराशी उभे राहिले.

सोमवारी बँकेत गेलो. दहा हजार मार्कांना आता पावणेएकोणीस हजार रुपये. परवानगी बारा हजारांची, ती नव्याने घ्यायची, आणि सध्या सगळे अर्ज थांबवले आहेत, किती दिवस ते कोणी सांगत नाही. तिथून डॉक्टरांकडे गेलो. त्यांनी दातांचं मशीन बाहेरून मागवलं आहे, त्याची किंमत एका रात्रीत दीडपटीवर गेली. प्लॉट आता त्यांना नको. बोध्यांनी कर्वे रस्त्याला जागा घेतली. म्हणजे पैसेही नाहीत आणि परवानगीही नाही.

मंगळवारी पेपर आला. पहिल्या पानावर तुझा लेख. रुपया का उतरवावा लागला, सामान्य माणसाने घाबरून का जाऊ नये, युरोपात हे कसं झालं होतं, सगळं. तीन कॉलम. सुंदर आहे.

मी तो दोनदा वाचला आणि मग माझ्या लक्षात आलं. रविवारी रात्री रुपया उतरला. मंगळवारी सकाळी लेख. तुझं पत्र इथे यायला सहा दिवस लागतात, हे माझ्याइतकं कोणाला माहीत आहे? गेली बारा वर्षं मी पोस्टमनची वाट बघते आहे. ह्यांनी पेपरच्या कचेरीत जाऊन विचारलं. ते म्हणाले, "पाकीट मेअखेरीलाच आलं होतं. वर लिहिलं होतं, रुपयाचा भाव बदलला तरच उघडावे. नवा आकडा तेवढा आम्ही भरला. फार काटेकोर माणूस तुमचे मेहुणे."

माझं १९ तारखेचं पत्र तुला त्याच आठवड्यात मिळालं असणार.

दादा, तुला माहीत होतं?

कुसुम

*

आखन, १७ जून १९६६

प्रिय कुसुम,

तुझं पत्र खिशात घेऊन दोन दिवस फिरतो आहे. विचारलंस त्याचं सरळ उत्तर देतो. माहीत नव्हतं. वाटत होतं. दिवस कोणालाच माहीत नव्हता. माझा अंदाज होता की सप्टेंबर उजाडेल, कदाचित त्याहून पुढे जाईल. म्हणून तार केली नाही. तोवर वीणाचं ऑपरेशन होऊन ती घरी गेली असती, असं मनाशी धरून चाललो.

आमची संस्था सरकारांना नाण्यांबद्दल सल्ला देते हे तुला माहीत आहेच. तिथे रुजू होताना सही करावी लागते की नाण्याच्या भावाबद्दल कोणालाही, अगदी नातेवाइकांनाही, सल्ला देणार नाही. या खोलीत बसलेला प्रत्येक जण आपापल्या माणसांना सांगू लागला तर काय होईल ते बघ. पैसेवाल्यांचे भाऊ आणि मेहुणे आधी पैसे बाहेर काढतील, रुपया आणखी कोसळेल, आणि ज्याचा कोणी भाऊ या खोलीत नाही तो भरडला जाईल. हे नियम गरिबांच्याच बाजूचे आहेत, कुसुम. रविवारच्या सदरात मी सरकारचं म्हणणं समजावून सांगितलं होतं, माझं मत दिलं नव्हतं. नीट वाचलंस तर तुला तसं दिसेल. आणि मी तुला खोटं लिहिलं नाही. मी लिहिलं की मला काही लिहिता येणार नाही. मी, जो चिंचोक्यांपासून तुला सगळं समजावत आलो, तो एवढंसं पत्र लिहितो म्हटल्यावर तुला कळेल असं मला वाटलं. तू आबांच्या जागेचा अर्थ काढशील हे माझ्या स्वप्नातही आलं नाही.

क्लिनिकमध्ये जाऊन बसलो. तारीख गेली. पुढची १२ ऑक्टोबर मिळाली. माझे तीन हजार मार्क भरले आहेत. उरलेले बँकेतून कर्जाने काढतो, दोन प्राध्यापकांची हमी मिळते आहे. प्लॉट विकूच नकोस. फक्त ऑक्टोबरपर्यंत वीणाला सांभाळा.

फ्राऊ हेर्मान्सना सगळं सांगितलं. त्या विणत होत्या. म्हणाल्या, "सख्ख्या बहिणीलाही नाही? गेनाऊ, अगदी तसंच. आमची मोठी माणसंही अशीच होती." तेव्हापासून त्या माझ्याशी कामापुरतं बोलतात.

दिनकर

*

पुणे, २७ जून १९६६

दादा,

आज ती तारीख. सकाळपासून वीणा कॅलेंडरकडे बघत नाही, आणि मीही बघत नाही.

तुझं पत्र वाचलं. तुझं सगळं बरोबर असेल. तू चुकीचं कधीच लिहीत नाहीस. ज्याचा भाऊ त्या खोलीत नाही तो भरडला जाईल, हे पटलं. पण माझा भाऊ तर होता.

माहीत नव्हतं, वाटत होतं, असं म्हणतोस. नुसतं वाटत होतं तरी तू पेपरासाठी तयारी करून ठेवलीस. झालंच तर लोकांची अडचण नको म्हणून लेख लिहिलास, पाकिटात घातलास, वर सूचना लिहिलीस, तिकिटं लावलीस. वीणासाठी काय तयार ठेवलं होतंस?

पैसे पाठवतोस ते मी घेईन. नको म्हणायची ऐपत नाही आणि मानही नाही. डॉक्टर म्हणतात, पावसाळा तिला जपा, ताप येऊ देऊ नका. आम्ही तिला दाराबाहेर पाठवत नाही. शाळाही बंद केली.

खाली तिला दोन ओळी लिहायच्या आहेत.

कुसुम

प्रिय मामा, शि. सा. न. वि. वि. ऑक्टोबरमध्ये तिकडे बर्फ असतो का? असला तर लाल हातमोजे चालतील. आई तुझ्यावर रागावली आहे पण मी नाही. तुझी वीणा.

*

पुणे, १४ सप्टेंबर १९६६

श्री. दिनकरराव यांस,
सप्रेम नमस्कार.

लिहिण्यास अत्यंत दुःख होते की चि. वीणा परवा, सोमवारी दुपारी, आम्हाला सोडून गेली. आठ दिवस ताप होता. ससूनमध्ये नेले होते. डॉक्टरांनी पुष्कळ केले. हृदय थकले होते असे म्हणाले. शेवटपर्यंत शुद्धीवर होती.

आपण कर्ज काढून भरलेले पैसे क्लिनिककडून परत घ्यावेत. विमान कंपनीला मी कळवले आहे.

कुसुमला पत्र लिहिण्याची शक्ती नाही. आपणही तूर्त लिहू नये अशी विनंती आहे.

आपला,
मोहन

*

आखन, २२ सप्टेंबर १९६६

कुसुम,

मोहनरावांनी लिहू नका म्हटलं आहे, तरी लिहितो. पत्र फाडून टाकलंस तरी चालेल.

मी आता काही समजावून सांगत नाही. आज संध्याकाळी वर्गात उभा राहिलो, खडू हातात घेतला आणि मला एक वाक्य सुचेना. लोक बराच वेळ वाट बघत बसले, मग एकेक करून उठून गेले.

फ्राऊ हेर्मान्सनी मागच्या खोलीतल्या पलंगावर नव्या कोऱ्या चादरी घातल्या होत्या, कपाटातल्या. काल त्यांनी त्या काढल्या. त्यांना मी विचारलं, हातमोजे मला द्याल का? त्या नाही म्हणाल्या.

मला रडता येत नाही. तू लहान असताना पडलीस की मी आधी रडायचो. मला माझीच किळस येते.

दादा

*

पुणे, २३ नोव्हेंबर १९६७

दादा,

वर्षाने लिहिते आहे. तुझी पत्रं आली ती सगळी वाचली, उत्तर द्यावंसं वाटलं नाही. आज एक काम आहे म्हणून लिहिते. प्लॉट विकला. सोळा हजार आले. तुझ्या हिश्श्याचे आठ हजार पुण्याच्या बँकेत तुझ्या नावाने ठेवले आहेत. ह्यांचा आग्रह होता की ते आधी व्हावं.

हे बरे आहेत. शाळेतून आले की आता खुर्चीत बसतात, मांडीवर काही नसतं.

शनिवारी रात्री इंग्लंडने पौंड उतरवला. मंगळवारच्या पेपरात तुझा लेख होता. म्हणजे तू पुन्हा लिहायला लागलास, आणि पुन्हा आधीच लिहून ठेवला होतास. वाचताना माझ्या मनात आलं, लंडनमध्ये कोणाची तरी बहीण आपली कसलीशी जागा विकायची थांबली असेल.

स्नेहलतावहिनींची उल्का कॉलेजात अर्थशास्त्र शिकते. काल ती तुझा लेख घेऊन माझ्याकडे आली. म्हणाली, "मावशी, मामांचा लेख आहे ना, मग तुम्हीच समजवा. परीक्षेला येणार आहे." मी तिला सगळं समजावलं. पौंड कसा उतरतो, मार्क का चढतो, मधल्यामधे दुकानदार काय करतो. चिंचोके नव्हते, शेंगदाणे मांडले. तिला पहिल्याच वेळी कळलं. म्हणाली, "किती सोपं करून सांगता हो!" मी म्हटलं, भावाचं वळण आहे.

मग तिने विचारलं, "पण मावशी, सरकार हे लोकांना आधी सांगत का नाही?"

मी तिला तुझंच उत्तर दिलं. म्हटलं, आधी सांगितलं तर जो तो आपापलं वाचवायला धावेल.

तिला ते पटलं. वहीत लिहून घेतलं, शेंगदाणे खाल्ले आणि गेली. तुला म्हणून सांगते दादा, मला धावायचंच होतं. तू दोन शब्द लिहायचे होतेस, विकून टाक. मी पोचले असते.

कुसुम